शायरच्या पंचांगातला बिनवाराचा दिवस

टॉल्किनच्या 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज' या कादंबरीच्या परिशिष्टातली सनावळी चाळताना एका ठिकाणी नजर अडखळते: ३० फेब्रुवारी. एण्ट नावाच्या वृक्षपालांची सभा त्या दिवशी सुरू झाली, अशी नोंद आहे. पहिल्यांदा वाचणाऱ्याला ही छपाईची चूक वाटते, पण तारीख बरोबर आहे. हॉबिट नावाच्या बुटक्या लोकांच्या शायर या मुलखात प्रत्येक महिना तीस दिवसांचा असतो. टॉल्किनने वाचकाच्या सोयीसाठी महिन्यांना आपल्या ओळखीची नावं दिली, दिवसांचा हिशेब मात्र तिथलाच ठेवला.

बारा महिन्यांचे ३६० दिवस झाले, उरले पाच. हे पाच कोणत्याच महिन्यात मोडत नाहीत. यूल या हिवाळी सणाचे दोन, एक वर्ष संपताना आणि एक नवं वर्ष सुरू होताना. भर उन्हाळ्यात तीन: पहिला लिथ, मध्यवर्षदिन आणि दुसरा लिथ. लीप वर्षी मध्यवर्षदिनानंतर आणखी एक दिवस येतो, त्याचं नाव ओव्हरलिथ.

दरवर्षी वार सरकतात हे हॉबिटांना अव्यवस्थित वाटायचं. म्हणून दुसरा आयसेनग्रिम या त्यांच्या प्रमुखाच्या काळात त्यांनी ठरवलं, की मध्यवर्षदिन आणि ओव्हरलिथ यांना वारच द्यायचा नाही. मग उरतात ३६४ दिवस, म्हणजे बरोब्बर ५२ आठवडे. वर्ष कायम शनिवारी उघडतं आणि शुक्रवारी मिटतं. कागदावर मांडून बघा: पहिल्या सहा महिन्यांची एक तारीख अनुक्रमे रवि, मंगळ, गुरु, शनि, सोम आणि बुधवारी येते. पुढच्या सहा महिन्यांतही तेच वार त्याच क्रमाने येतात. शुक्रवार कुठेच नाही. म्हणून कधीच न घडणाऱ्या गोष्टीबद्दल शायरमध्ये म्हणत, 'होईल की, एक तारखेच्या शुक्रवारी!'

ही कल्पना नुसती कथेतली नव्हती. वाराविना दिवस ठेवून वर्ष कायमचं स्थिर करायचं, अशी 'जागतिक कॅलेंडर'ची योजना त्याच काळात खरोखर चर्चेत होती. तिच्यातही लीप वर्षाचा जादा दिवस जूनअखेरीस, बिनवाराचा होता. १९५३ मध्ये हा विषय संयुक्त राष्ट्रांपुढे नेला तो भारताने, आणि १९५४ च्या उन्हाळ्यात खगोलभौतिकशास्त्रज्ञ मेघनाद साहांनी जिनिव्हात तो मांडला. टॉल्किनच्या कादंबरीचा पहिला खंड त्याच जुलैत लंडनमध्ये निघाला. सात दिवसांचं चक्र मोडायला धर्मसंस्थांचा कडवा विरोध होता आणि ती योजना बारगळली.

शायरमधल्या महिन्यांची मूळ नावं मात्र फार जुन्या काळातून आली आहेत. टॉल्किन १९२५ पासून ऑक्सफर्डमध्ये अँग्लो-सॅक्सनचे, म्हणजे जुन्या इंग्रजीचे, प्राध्यापक होते. इंग्लंडच्या ईशान्येला जॅरोच्या मठात राहणाऱ्या बीड या साधूने इसवी सन ७२५ मध्ये कालगणनेवर लॅटिन ग्रंथ लिहिला. त्यातल्या एका छोट्या प्रकरणात त्याने आपल्या पूर्वजांचे महिने नोंदवून ठेवले. त्याने ते लिहिलं नसतं, तर त्या महिन्यांमागचे अर्थ बहुतेक हरवलेच असते. थ्रिमिल्खी म्हणजे गायी दिवसातून तीनदा पान्हवत तो महिना. शायरमध्ये त्याचा थ्रिमिज झाला. हिवाळ्याआधी जनावरं कापून देवांना वाहत तो ब्लोडमोनाथ, त्याचा ब्लॉटमाथ. हिवाळ्याच्या पहिल्या पौर्णिमेवरून विंटरफिलेथ, त्याचा विंटरफिल्थ. चित्रा नक्षत्राजवळच्या पौर्णिमेवरून चैत्र म्हणणाऱ्या आपल्याला ही रीत नवी नाही. शेजारच्या ब्री गावात 'फिल्थ' म्हणजे घाण असा अर्थ काढून 'चिखलातल्या शायरचा विंटरफिल्थ' अशी चेष्टा चालायची, इतक्या बारकाईने टॉल्किनने हे रचलं आहे.

पण मला सर्वांत हृद्य वाटतो तो ओव्हरलिथ. बीडचे महिने चंद्राचे होते, त्यामुळे सूर्याशी मेळ घालायला त्यांनाही आपल्यासारखा अधिक मास लागे. आपला धोंड्याचा महिना दर खेपेला वेगळ्या जागी येतो. ज्या चांद्रमासात संक्रांत पडत नाही, तो अधिक. त्यांचा मात्र नेहमी उन्हाळ्यातच धरला जाई. जून आणि जुलै दोघांचंही नाव लिथा, आणि अधिक मासाच्या वर्षी तिसरा लिथा. म्हणून त्या वर्षालाच थ्रिलिथी, तीन लिथांचं वर्ष, म्हणत. शायरचं वर्ष सौर आहे. तिथे तेरावा महिना लागतच नाही. तरी ज्या जागी तो यायचा, नेमक्या त्याच जागी टॉल्किनने एक जादा दिवस ठेवला आणि नावही तेच राखलं. इंग्रजी माणूस विसरून गेलेला अधिक मास तिथे एका दिवसापुरता शिल्लक आहे.

त्या दिवशी शायरमध्ये मोठी मौजमजा असते. कादंबरीतल्या अंगठीच्या युद्धाच्या दोन्ही वर्षांत, शायरच्या सनाने १४१८ आणि १४१९ मध्ये, ओव्हरलिथ आला नाही. तो आला १४२० मध्ये, उद्ध्वस्त शायर पुन्हा लावून झाल्यावर, भरघोस पिकाच्या वर्षी. आणि त्या दिवसासारखा सण कुणाच्या आठवणीत किंवा दप्तरात नव्हता, असं परिशिष्टात लिहून ठेवलं आहे.