चाक हा माणसाचा पहिला शोध? अजिबात नाही

"माणसाने सगळ्यात आधी चाक शोधलं आणि मग प्रगती सुरू झाली" हे वाक्य लहानपणापासून ऐकतोय, कार्टूनमधला गुहेतला माणूस पण दगडी चाक घेऊनच बसलेला असतो. पण ते खरं नाहीये.

चाकाच्या गाडीचे पुरावे साधारण 5,500 वर्षांपूर्वीपासूनचे. आणि दगडाची हत्यारं? केनियात लोमेक्वी इथे सापडलेली तब्बल 33 लाख वर्षं जुनी आहेत, म्हणजे तेव्हा आपली प्रजाती जन्मालाही आली नव्हती! विस्तव, भाले, हाडाची सुई, बासरी, मातीची भांडी, शेती, हे सगळं चाकाच्या आधीचं. सुई चाकापेक्षा कितीतरी हजार वर्षं जुनी, हे मला तरी जास्त भारी वाटतं.

आता एवढा उशीर का, तर गोल वस्तू घरंगळते हे कोणालाही दिसतं, खरी गोम आहे आसात, म्हणजे चाक ज्या दांड्यावर बसवतात त्यात. आस आणि त्याचं भोक दोन्ही नीट गोल आणि गुळगुळीत पाहिजेत, घट्ट बसलं तर फिरत नाही आणि सैल झालं तर चाक डगमगतं, त्यासाठी पक्कं सुतारकाम लागतं. स्लोव्हेनियात दलदलीत सापडलेलं सुमारे 5,000 वर्षांपूर्वीचं लाकडी चाक बघा, चाक एका झाडाचं आणि आस दुसऱ्या, ओकच्या लाकडाचा.

बरं, मेक्सिकोत जुन्या काळी चाकं लावलेली मातीची छोटी जनावरं बनवायचे, पण गाड्या नव्हत्या, कारण ओढायला बैल-घोडेच नव्हते तिकडे.