टक्के नेमके कशाचे?

सप्ताह उरकला की काल्याच्या कीर्तनाचा व्हिडिओ वेबसाइटवर चढवायचं काम आमच्या गावात माझ्याकडे असतं. परवा त्यासाठी अंबाजोगाईत एका नेट कॅफेत बसलो होतो. शेजारी पीकविम्याचा फॉर्म भरायला आलेले एक काका निळ्या स्क्रीनकडे बघत ताटकळले होते. ‘अपडेट चालू आहे, ३४ टक्के, कॉम्प्युटर बंद करू नका.’ मी एफ ११ दाबलं, तर वर ब्राउझरची पट्टी दिसली. कुणीतरी गंमत म्हणून उघडून ठेवलेलं ते साधं वेबपेज होतं.

अशा पानामागे फक्त एक टायमर असतो. एकही फाइल बदलत नाही, नुसता आकडा वाढतो. खरं अपडेट एफ ११ दाबून जात नाही. आणि स्क्रीनवर फोन नंबर दिसला, तर तो चुकूनही लावू नका. ती फसवणूकच असते.

माझ्या स्क्रीनवरही टक्केच होते, चढवलेला व्हिडिओ आकाराने लहान होत असल्याचे, पण ते मोजून आलेले. फुल एचडीच्या एका चित्रात २०,७३,६०० ठिपके असतात. प्रत्येकाला ३ बाइट धरले आणि सेकंदाला २५ चित्रं, तर एका मिनिटाला ९ जीबीच्या वर जागा लागेल. म्हणून व्हिडिओ लहान करणारी, २००३ साली आलेली एच.२६४ ही पद्धत वेगळं करते. मंडपाचा पडदा दोन तास जागचा हलत नाही, मग तो दर चित्रात नव्याने कशाला लिहायचा? ती चित्राचे १६ बाय १६ ठिपक्यांचे चौकोन पाडते, आधीच्या चित्रात तोच चौकोन कुठे होता ते शोधते आणि किती सरकला, काय बदललं, तेवढंच लिहिते. हे शोधणंच सगळ्यात कष्टाचं. म्हणून सर्व्हर, म्हणजे वेबसाइटचा तिकडचा कॉम्प्युटर, फाइल घेतो, रांगेत लावतो आणि मागे एफएफएमपेगसारखा प्रोग्राम ती दळत बसतो. फॅब्रिस बेलार्ड यांनी २००० साली सुरू केलेला हा प्रोग्राम फुकट आणि खुला आहे, याचं मला फार अप्रूप वाटतं. किती चित्रं झाली हे तो सतत सांगतो. दोन तासांच्या कीर्तनात १,८०,००० चित्रं. त्यातली ९०,००० झाली की ५० टक्के.

आकडा ९२ पर्यंत सरसर गेला आणि रेंगाळला. काका म्हणाले, “हे बी खोटंच हाय का?”

“नाही काका. इथं काला फुटलाय. टाळकरी, बायापोरं, सगळे एकदम नाचायलेत. प्रत्येक चौकोन हललाय, म्हणून वेळ लागायलाय.”