डीएनएच्या चौकोनातली रिकामी जागा

डीएनएचा सिक्वेन्स, म्हणजे त्याच्या चार घटकांचा अक्षरांत लिहिलेला क्रम, कधी उघडून बघितलाय? नुसतं ए, सी, जी, टी, पानंच्या पानं, दुसऱ्या ओळीतच पेंग येते. १९९० मध्ये अमेरिकेतल्या जोएल जेफ्री नावाच्या संशोधकाने त्याचं चित्र काढायची एक भन्नाट युक्ती मांडली, नाव भारदस्त आहे, केऑस गेम रिप्रेझेंटेशन, पण काम म्हणाल तर निव्वळ पोरखेळ.

आलेखाच्या कागदावर १६ बाय १६ घरांचा चौकोन काढायचा. खाली डावीकडे ए, वर डावीकडे सी, वर उजवीकडे जी, खाली उजवीकडे टी. पेन्सिल मधोमध ठेवायची आणि जे अक्षर येईल त्या कोपऱ्याकडे निम्मं अंतर जाऊन ठिपका द्यायचा, मग तिथून पुढच्या अक्षराकडे परत निम्मं, बस. सी आला की डावीकडून ४, खालून १२. त्यावर जी आला की १०, १४. मी चाळीसेक ठिपके हाताने काढले आणि मग वैतागून कॉम्प्युटरला लावलं.

खरी मजा पुढे आहे. ठिपका जीच्या पाव भागात पडला म्हणजे शेवटचं अक्षर जी, आणि त्या पाव भागातल्याही सीकडच्या पावात पडला म्हणजे जीच्या आधी सी होता. असं मागे मागे जात राहता येतं, म्हणजे जागा हाच पत्ता.

आता यात माणसाचा डीएनए टाका. नेमकी हीच सी-मग-जी वाली जागा ओस दिसते! तिच्या बारक्या कॉप्या इतर भागांतही ओस, त्यामुळे अख्खं चित्र आईस्क्रीमच्या दोन स्कूपसारखं दिसतं. हिशोबाने ही जोडी साधारण ४ टक्के ठिकाणी यायला हवी, येते जेमतेम १ टक्का. कारण आपल्या डीएनएत जीच्या आधीच्या सीवर बऱ्याचदा मिथाइल नावाचा एक छोटा रासायनिक गट चिकटवलेला असतो आणि असा सी सहज बिघडून टी होतो, लाखो वर्षं हे चालू राहिलं आणि जोड्या झिजत गेल्या. उंदरातही तीच रिकामी जागा. फळमाशीत मात्र ही मिथाइलची भानगड जवळपास नाहीच, मग तिच्या चौकोनात तसं भोकही नाही.

फक्त नेटवर असली चित्रं बघताना आधी कोपऱ्यांवरची अक्षरं बघा, काहीजण जी आणि टीची अदलाबदल करतात आणि मग तेच भोक चौकोनाच्या मध्याला चिकटून दिसतं.