खरखर पिनची नव्हे
‘सीडीत आवाजाच्या पायऱ्या पडतात, तबकडीत तो सलग राहतो, म्हणून जुना ट्रिप-हॉप (हिप-हॉपच्या ठेक्यावरचं संथ, उदास संगीत) ऐकावा तर रेकॉर्डवर, नाहीतर हाय-रेझोल्यूशन फाइलवर.’ हे वर्षानुवर्षं कानावर पडतंय. पायऱ्या असतात त्या फक्त समजावून सांगायच्या आकृतीत. सीडीसारखे आवाजाचे सेकंदाला ४४,१०० नमुने घेतले की सुमारे २२ हजार हर्ट्‌झपर्यंतची लहर बाहेर येताना पुन्हा सलगच होते. आपला कान फार तर २० हजारांपर्यंत पोचतो, चाळिशीनंतर तेवढाही नाही. हाय-रेझोल्यूशन, म्हणजे सेकंदाला जास्त नमुने घेतलेल्या ९६ किंवा १९२ किलोहर्ट्‌झच्या फाइलमधलं त्यापलीकडचं जे काही असेल, ते वटवाघळांना लखलाभ.

आणि पोर्टिसहेड या ट्रिप-हॉप बँडचा १९९४ चा ‘डमी’ हा अल्बम घ्या. त्यातली खरखर तुमच्या पिनची नव्हे. इंग्लंडमधल्या या ब्रिस्टलकर मंडळींनी स्वतः वाजवलेले तुकडे तबकडीवर कोरून घेतले, त्या तबकड्या जमिनीवर टाकून मुद्दाम तुडवल्या आणि मग त्यांतून सॅम्पल, म्हणजे गाण्यात वापरायचे छोटे तुकडे, उचलले. ती धूळ सीडीतही जशीच्या तशी आहे!

तबकडी वेगळी वाजते हे खरं, पण त्यामागे बरेचदा वेगळं मास्टरिंग, म्हणजे छापण्याआधी आवाजावर फिरवलेला शेवटचा हात, असतं. मी स्वतः रेकॉर्डच लावतो. कव्हर हातात घेऊन बसायला आवडतं म्हणून.