युनियन आणि गोंगह्वे: पाटी एकच, दुकानं दोन

१७ मे २०१०. चीनच्या ग्वांगदोंग प्रांतातल्या फोशान शहराचा नानहाय भाग. होंडाच्या गिअरबॉक्स कारखान्यात सकाळची पाळी नुकती लागली होती. दोघा कामगारांनी लाइनवरचं आणीबाणीचं बटण दाबलं आणि लाइन थांबली. मागणी साधी होती, पगार वाढवा. पण इथला माल अडला की पुढे मोटारी जोडणं अडतं. दीड-दोन आठवड्यांत होंडाचे चीनमधले चार मोटार कारखाने बंद पडले.

३१ मेला कारखान्यात पिवळ्या टोप्यांची माणसं आली. कामावर चला म्हणून त्यांनी रेटारेटी सुरू केली. पोरं मोबाईलवर शूटिंग करू लागली तशी बाचाबाची झाली, मग हाणामारी, काहींना लागलं. आपल्याकडचा वाचक म्हणेल, मालकाने गुंड आणले असणार. पण त्यांच्या अंगावरचे बिल्ले शीशान या तिथल्या गावच्या कामगार संघटनेचे होते.

संपकऱ्यांना मारायला युनियन आली? हा प्रश्न आपल्याला पडतो तो भाषांतरामुळे. चिनी शब्द आहे ‘गोंगह्वे’. ‘गोंग’ म्हणजे काम, कामगार. ‘ह्वे’ म्हणजे सभा, संघ. इंग्रजीत त्याचं ट्रेड युनियन होतं, मराठी वर्तमानपत्रात कामगार संघटना होतं, आणि तिथून पुढे वाचणाऱ्याच्या डोळ्यांसमोर गेट मीटिंग, लाल झेंडा आणि पावतीपुस्तक उभं राहतं. गोंगह्वेत यातलं जवळजवळ काहीच नाही.

आधी पैशाचं बघू, कारण पैशाची वाट कळली की बाकीचं आपोआप कळतं. आपल्या युनियनचा कार्यकर्ता पगाराच्या दिवशी वर्गणीची पावती फाडतो. कामगार चिडला की पहिली गोष्ट करतो ती ही, पावती घेत नाही. युनियनला तेवढ्यात निरोप पोचतो. गोंगह्वेत सभासदाची वर्गणी असते, साधारण पगाराच्या अर्धा टक्का, पण खरा पैसा येतो मालकाकडून. कारखान्याच्या एकूण पगारबिलाच्या दोन टक्के रक्कम मालकाने गोंगह्वेला द्यायची, असं कायदाच सांगतो, आणि त्यातला हिस्सा वरच्या शाखांकडे जातो. ज्याची खावी पोळी त्याची वाजवावी टाळी. बरं, इथे पोळी मालकाची असली तरी ताट सरकारी आहे, त्यामुळे टाळी दोघांसाठी वाजवावी लागते.

दुसरा फरक जन्माचा. भारतात १९२६ च्या कायद्यापासून सात जणांनी मिळून युनियन नोंदवायला अर्ज करायची वाट आहे. २००१ मध्ये तिच्यावर किमान दहा टक्के किंवा शंभर कामगारांची अट आली, पण अर्ज खालूनच निघतो, आणि एका कारखान्यात दोन युनियन, तीन झेंडे हे दृश्य कुणाला नवं नाही. चीनमध्ये खालची गोंगह्वे स्थापायची तर वरच्या गोंगह्वेची मंजुरी लागते. गावाच्या वर जिल्हा, जिल्ह्याच्या वर शहर, मग प्रांत, आणि शेंड्याला बीजिंगमधला अखिल चीन कामगार महासंघ. त्याचे सभासद ३० कोटींच्या घरात, म्हणजे जगातली सर्वांत मोठी कामगार संघटना. या झाडाबाहेर दुसरं रोपटं लावायला परवानगी नाही. महासंघाच्या अध्यक्षपदी कम्युनिस्ट पक्षाचा बडा नेता असतो. संसदेच्या स्थायी समितीचं उपाध्यक्षपदही बहुधा त्याच्याकडेच असतं.

कारखान्याच्या पातळीवर तर आणखी गंमत. मालकाच्या जवळच्या नातेवाइकाला गोंगह्वेच्या समितीवर घेऊ नये, असं कायद्यात लिहावं लागलं आहे. यावरूनच काय ते समजावं. नातेवाईक नसला तर कितीतरी खासगी कारखान्यांत मॅनेजर किंवा एचआरचा साहेब अध्यक्ष होऊन बसतो. रजेचा अर्ज नाकारणारा आणि त्याविरुद्धची तक्रार ऐकणारा माणूस एकच.

मग ही गोंगह्वे करते तरी काय? तिनं स्वतःसाठी घेतलेलं नाव मराठी माणसाला चटकन कळेल. ती म्हणवते कामगारांची ‘न्यांगज्या रेन’, म्हणजे अक्षरशः माहेरची माणसं. नावाला ती जागतेही. नववर्षाच्या सणाआधी थंडीत ‘ऊब पोचवण्याची’ मोहीम असते: गरजू कामगारांच्या घरी तांदूळ, तेल, पाकिटात थोडे पैसे. उन्हाळ्यात ‘गारवा पोचवण्याची’ मोहीम: बांधकामावर सरबत, टॉवेल, उष्म्यावरची औषधं. शरद ऋतूत गरीब कामगारांच्या मुलांना कॉलेजच्या फीला मदत. शिवाय सहली, सिनेमाची तिकिटं. थकलेला पगार मिळवून द्यायला फुकट वकीलही देते, आणि गावाकडून बांधकामावर आलेल्या माणसाला ते मोठं काम वाटतं. याला हसण्यात अर्थ नाही. ज्याचा सहा महिन्यांचा पगार बुडालाय त्याला वकील सरकारी आहे की पक्षाचा याची पर्वा नसते.

पण माहेर म्हणजे काय, हे आपल्याकडच्या बायकांनी ओव्यांतून सांगून ठेवलंच आहे. माहेरी लाड होतात, ओटी भरतात, पाठवणीला डोळे पुसतात. आणि सासरचं गाऱ्हाणं फार वाढलं तर समजूत घालून परत नांदायला पाठवतात. गोंगह्वेच्या कायद्यातही नेमकं हेच आहे. २००१ च्या दुरुस्तीनंतरचं कलम सांगतं की काम थांबलं किंवा संथ झालं तर गोंगह्वेने कामगारांच्या वतीने मालकाशी सल्लामसलत करावी, त्यांचं म्हणणं मांडावं, आणि उत्पादन लवकर पूर्ववत व्हायला मदत करावी. शेवटच्या पाच-सहा शब्दांत पिवळ्या टोप्यांचा उगम आहे.

या कलमात एक शब्द मुद्दाम टाळलाय. संपाला चिनी शब्द आहे ‘बा-गोंग’. कायदा म्हणतो ‘थिंग-गोंग’, काम थांबणं. जणू लाइट गेली. चीनच्या १९७५ आणि १९७८ च्या राज्यघटनांत संपाचं स्वातंत्र्य लिहिलेलं होतं. डिसेंबर १९८२ मध्ये आलेल्या घटनेतून ते गाळलं गेलं. तेव्हापासून नुसता संप केला म्हणून गुन्हा नाही आणि संप केला म्हणून संरक्षणही नाही. (त्याच १९८२ च्या जानेवारीत गिरणगावात संप सुरू झाला होता. निव्वळ योगायोग, पण मला तो विसरता येत नाही.)

गिरणीसंपाचा उल्लेख आलाच आहे तर एक आक्षेप इथेच घेऊन टाकतो. कुणी म्हणेल, आपल्याकडेही एकच मान्यताप्राप्त युनियन होती की. खरंय. १९४६ च्या मुंबई औद्योगिक संबंध कायद्याने कापड गिरण्यांत वाटाघाटीचा हक्क एकट्या राष्ट्रीय मिल मजदूर संघाला दिला होता, आणि कामगारांचा तिच्यावरचा विश्वास उडालेला होता. नानहायच्या पोरांची स्थिती त्या कामगाराला लगेच समजली असती. पण फरक असा की गिरणी कामगार उठून दत्ता सामंतांकडे जाऊ शकला. मान्यतेची मक्तेदारी होती, अस्तित्वाची नव्हती. सामंत बाहेर उभे राहिले, सभा घेतल्या, १९८४ मध्ये खासदारही झाले. संप बुडाला तो भाग वेगळा. चीनमध्ये उठून जायला दुसरं दार नाही. आंतरराष्ट्रीय कामगार संघटनेचे संघस्वातंत्र्य आणि सामूहिक वाटाघाटींचे ८७ आणि ९८ क्रमांकाचे करार चीनने मान्य केलेले नाहीत. भारतानेही केलेले नाहीत, तेव्हा फार ताठ मान करायला नको.

दार नसलं म्हणून चिनी कामगार गप्प बसतो असं मात्र नाही, आणि आपल्या वाचकाचा सर्वांत मोठा गैरसमज हाच. २०१४ च्या एप्रिलमध्ये दोंगग्वानच्या युए युएन बूट कारखान्यांत सुमारे ४० हजार कामगारांनी काम थांबवलं, कारण कंपनीने वर्षानुवर्षं सामाजिक विम्याचा हप्ता कमी भरला होता. मोबाईलवरचे गप्पांचे गट, जेवणाची सुट्टी, एका गावची मंडळी, यांतून हे जमतं. नेता दिसत नाही. तो नसतो असं नाही, दाखवायचा नसतो. मालक म्हणतो, तुमचे प्रतिनिधी पाठवा, बोलू. गर्दीतून कुणी पुढे येत नाही, कारण जो पुढे येईल त्याची नोकरी आधी जाते. आपल्या युनियनमध्ये पुढारी आधी तयार होतो आणि संप नंतर; तिथे संप होऊन जातो आणि पुढारी तयारच होत नाही. म्हणून पुढच्या वर्षी सगळं पहिल्यापासून.

ही पोकळी काही वर्षं ग्वांगदोंगमधल्या छोट्या कामगार-मदत केंद्रांनी भरली. कामगारांना प्रतिनिधी निवडायला, मागण्या लिहून काढायला, टेबलावर बसायला ते शिकवत. त्यांचा शब्द होता सामूहिक ‘वाटाघाटी’. गोंगह्वेचा शब्द आहे सामूहिक ‘सल्लामसलत’. हा निव्वळ शब्दांचा कीस नाही. वाटाघाटीत दोन बाजू असतात. सल्लामसलत एकाच घरातली. डिसेंबर २०१५ मध्ये या केंद्रांवर धाडी पडल्या, कार्यकर्ते अटकेत गेले.

२०१८ मध्ये शेनझेनच्या फिंगशान भागात जासिक या वेल्डिंग यंत्रांच्या कारखान्यातल्या कामगारांनी सरळमार्गी वाट धरून पाहिली. बाहेरची युनियन मागितली नाही. जिल्ह्याच्या गोंगह्वेकडे जाऊन म्हणाले, आमच्या कारखान्यात रीतसर गोंगह्वे काढू द्या. पुढारी मंडळींना कामावरून काढलं, जुलैत अटका झाल्या. त्यांच्या पाठिंब्याला बीजिंग आणि नानजिंगच्या विद्यापीठांतली मार्क्स वाचणारी पोरं आली, तर ऑगस्टमध्ये त्यांनाही उचललं. मार्क्सवादी पक्षाच्या राज्यात मार्क्स वाचून कामगारांकडे जाणं महागात पडलं.

एवढं वाचून ‘म्हणजे गोंगह्वे बोगस युनियन’ असा शेरा मारायचा मोह होतो. मला तो शेरा पटत नाही. बोगस म्हणजे जे नाही ते असल्याचा आव आणणारं. गोंगह्वे आपलं काम लपवत नाही: पक्ष आणि कामगार यांच्यामधला पट्टा, वरून खाली आदेश आणि खालून वर गाऱ्हाणी नेणारा. कधीकाळी ती वेगळी होती. १९२२ मध्ये आन्युआनच्या कोळसा खाणीतला संप ल्यू शाओची आणि ली लीसान या कम्युनिस्ट पुढाऱ्यांनी लढवला; १ मे १९२५ ला ग्वांगजोत महासंघ जन्मला तो अशाच संपांतून. सत्ता आल्यावर हाच ली लीसान म्हणू लागला की सरकारी कारखान्यातही कामगाराचं हित आणि कारखान्याचं हित थोडं वेगळं असू शकतं. १९५१ मध्ये त्याला याच म्हणण्यासाठी दोषी ठरवून बाजूला सारलं. त्या दिवशी गोंगह्वेचं भवितव्य ठरलं, असं माझं मत.

आणि अधूनमधून तिच्या अंगात जुनं रक्त उसळतंही. अमेरिकेत युनियनला उंबरठ्यावर उभं न करणाऱ्या वॉलमार्टच्या फूजियान प्रांतातल्या जिनजियांगच्या स्टोअरमध्ये जुलै २००६ मध्ये ३० कर्मचाऱ्यांनी पहाटे जमून गोंगह्वे स्थापली. काही आठवड्यांत कंपनी नमली, आणि मग वरून भराभर शाखा निघाल्या; पहिलीतली धग पुढच्यांत राहिली नाही. २०१४ मध्ये हूनान प्रांतात छांगदचं वॉलमार्ट बंद झालं तेव्हा तिथला गोंगह्वे अध्यक्ष कामगारांबरोबर स्टोअरसमोर उभा राहिला. लवादात ते हरले.

नानहायला परत जाऊ. पिवळ्या टोप्यांच्या दुसऱ्या दिवशी गोंगह्वेने पत्र काढून एक प्रकारची माफी मागितली. कामगार प्रतिनिधींनी उत्तरादाखल खुलं पत्र लिहिलं. जूनच्या पहिल्या आठवड्यात सुमारे ५०० युआनची वाढ मिळून काम सुरू झालं. त्यांच्या मागण्यांत पगाराशिवाय आणखी एक होती, आणि ती वेगळी युनियन काढू द्या अशी नव्हती. आमच्या कारखान्यातल्या गोंगह्वेची निवडणूक घ्या, आणि मत लाइनवरच्या कामगाराला द्या, एवढीच होती. पुढे खालच्या गटांच्या निवडणुका झाल्या. मार्च २०११ मध्ये त्याच गोंगह्वेने मालकाशी सल्लामसलत केली, आणि ६११ युआनची वाढ मिळाली. या वेळी लाइन थांबवावी लागली नाही.