नील्सन, आस्टा

नील्सन, आस्टा : (११ सप्टेंबर १८८१ – २५ मे १९७२). डॅनिश अभिनेत्री. मूकपटांच्या काळात युरोपात घरोघरी ठाऊक असलेल्या पहिल्या काही चेहऱ्यांपैकी त्यांचा एक. सत्तरहून अधिक मूकपट केलेल्या या बाईंच्या नावावर बोलपट मात्र एकच आहे. त्यामुळे आवाज आला आणि त्यांची कारकीर्द बुडाली, असे सरसकट सांगितले जाते. त्यांच्या बाबतीत हे स्पष्टीकरण फार तोकडे पडते.

कोपनहेगनमधल्या व्हेस्टरब्रो या कष्टकऱ्यांच्या वस्तीत त्यांचा जन्म झाला. वडील लोहारकाम करीत, पण हाताला काम नेहमी नसे. आई लोकांचे कपडे धुई. बालपणाची काही वर्षे स्वीडनमधल्या माल्मो शहरात गेली. आस्टा चौदा वर्षांच्या असताना वडील वारले. पुढे पेटर येर्नडॉर्फ या नामवंत नटाकडे त्या अभिनय शिकल्या. १९०१ मध्ये, लग्न झालेले नसताना, त्यांना येस्टा ही मुलगी झाली. मुलीच्या वडिलांचे नाव त्यांनी जन्मभर सांगितले नाही. रंगभूमीवर सात-आठ वर्षे काढूनही मनाजोग्या भूमिका मिळेनात, तेव्हा सहकारी उर्बान गाड यांनी त्यांच्यासाठी एक चित्रपट लिहिला आणि दिग्दर्शितही केला. तो ‘आफग्रुन्डेन’ (अथांग दरी) १२ सप्टेंबर १९१० रोजी कोपनहेगनमध्ये झळकला.

पियानो शिकवणारी मुलगी घर आणि वाङ्‌निश्चय सोडून सर्कशीतल्या माणसामागे जाते, अशी त्याची कथा. गाजला तो त्यातला नाच. नायिका त्या पुरुषाला दोरीने बांधते आणि त्याच्या अंगाला घासत नाचते. स्वीडन-नॉर्वेत सेन्सॉरने त्यावर कात्री चालवली. तरी त्या चित्रपटाचे मोठेपण शेवटच्या दृश्यात जास्त दिसते. खून करून बसलेल्या नायिकेला पोलीस घेऊन जातात, तेव्हा ना किंकाळी, ना कपाळावर हात. चालणारे शरीर आणि विझलेला चेहरा, एवढेच. कॅमेरा तेव्हा लांब उभा असे आणि नट नाटकी हातवारे करीत. आस्टांनी हातवारे कमी केले आणि खांदे, पाठ, चाल यांतून बोलायला सुरुवात केली. काळेभोर डोळे आणि सडसडीत बांधा यांचा त्यांना उपयोग झाला, पण नुसत्या रूपावर हे साधणारे नव्हते.

१९११ मध्ये त्या गाड यांच्याबरोबर जर्मनीत गेल्या. १९१२ मध्ये दोघांचे लग्न झाले, पुढे ते मोडले. निर्माते पाउल डेव्हिडसन त्यांचे चित्रपट तयार होण्याआधीच मालिकेने विकत आणि एका भागात ते दाखवण्याचा हक्क एकाच चित्रगृहाला देत. नटीच्या नावावर माल आगाऊ खपतो, हे युरोपातल्या धंद्याला कळले ते बरेचसे यामुळेच. बर्लिनजवळच्या बाबेल्सबेर्गचा काचेचा स्टुडिओ १९१२ मध्ये सुरू झाला, तोही त्यांच्याच ‘डेअर टोटनटान्झ’च्या चित्रणाने. मजकुराच्या पाट्या बदलल्या की मूकपट कुठल्याही भाषेत चाले, म्हणून डॅनिश बाई बर्लिनची लाडकी ‘डी आस्टा’ होऊ शकली.

पहिल्या महायुद्धानंतर त्यांनी स्वतःची चित्रपटसंस्था काढली आणि ‘हॅम्लेट’ (१९२१) केला. यात हॅम्लेट ही मुळात मुलगी आहे. गादीसाठी तिला राजपुत्र म्हणून वाढवले आहे. हे सोंग अंगावर वागवणारी एकटी व्यक्ती त्यांनी अशी उभी केली की ती युक्ती वाटतच नाही. दिग्दर्शक पाब्स्टच्या ‘डी फ्रॉइडलोझ गासे’त (१९२५) त्यांच्यासोबत तरुण स्वीडिश नटी ग्रेटा गार्बो होती. ‘डिर्नेनट्रागोडी’त (१९२७) त्या उतारवयाची वेश्या झाल्या. तरुण विद्यार्थ्यावर जीव जडलेली ही बाई आरशासमोर वय झाकू पाहते, तो प्रसंग त्यांच्या उत्तम कामांत धरावा.

गार्बो पंचविशीत बोलपटात गेली. आस्टा पन्नाशी ओलांडून. एरिख वाश्नेक यांच्या ‘उनम्योग्लिखे लीबे’त (१९३२) त्या मोठ्या मुलींची आई असलेली शिल्पकार आहेत, उशिरा प्रेमात पडलेली. त्या मूळच्या रंगभूमीवरच्या. विसाव्या शतकाच्या तिसऱ्या दशकाच्या अखेरीस जर्मन रंगमंचावरही वावरल्या होत्या. तेव्हा संवादांचे भय त्यांना असण्याचे कारण नव्हते. अडचण होती ती त्या वयाच्या बाईसाठी भूमिका लिहिल्या न जाण्याची. त्यातच १९३३ मध्ये नाझी सत्तेवर आले. राजवटीने त्यांना आपलेसे करू पाहिले. त्यांनी नकार दिला आणि चौथ्या दशकाच्या उत्तरार्धात त्या डेन्मार्कला परतल्या. एका तरुण डॅनिश माणसामार्फत त्यांनी जर्मनीतल्या ज्यू कुटुंबांना मदत पोहोचवली; त्यांत भाषाभ्यासक व्हिक्टर क्लेम्पेररही होते. त्यांच्या कारकिर्दीच्या चर्चेत ही गोष्ट तळटीपेत ढकलली जाते, याचे वाईट वाटते.

डेन्मार्कने त्यांना पडद्यावर पुन्हा काम दिले नाही. ‘डेन टीएन्डे मूसे’ हे आत्मचरित्र १९४५-४६ मध्ये निघाले. पुढे कापडाचे तुकडे जोडून त्या चित्रे करीत. १९६३ मध्ये जर्मन चित्रपटसृष्टीने त्यांचा गौरव केला, आणि १९७० मध्ये, अठ्ठ्याऐंशीव्या वर्षी, कलावस्तूंचे व्यापारी आंदर्स क्रिस्तियान तेडे यांच्याशी त्यांनी विवाह केला. त्याआधी १९६८ मध्ये त्यांच्यावर माहितीपट व्हायचा होता. दुसऱ्याने केलेले काम त्यांना पसंत पडले नाही, म्हणून तो त्यांनी स्वतःच दिग्दर्शित केला.