तियात्र म्हणजे कोकणी संगीत नाटक नव्हे

गोव्यात पुण्या-मुंबईकडचे पाहुणे आले की इथल्या कोकणी रंगभूमीवरच्या तियात्राबद्दल हमखास विचारतात, 'तियात्र म्हणजे तुमचं कोकणी संगीत नाटकच ना?' दोन्हींत गाणी आहेत, वाद्यं आहेत, वन्समोअरही आहे. गल्लत होणारच. पण गाणं कथेच्या आत आहे की बाहेर, एवढंच बघा.

संगीत नाटकातलं पद पात्राचं असतं. आमच्या फोंड्याकडे जत्रेच्या नाटकाला देवळापुढच्या मांडवात बसलं की हे जवळून दिसतं. संवाद संपता संपता नट ऑर्गनवाल्याकडे हळूच बघतो, सूर मिळतो आणि रुसलेली नायिका रुसूनच गाते. वन्समोअर आला तरी तिचा रुसवा सुटत नाही.

तियात्रातलं कांतार, म्हणजे गाणं, पात्राचं नसतं. कथा सहा-सात पडद्यांची, म्हणजे प्रवेशांची, आणि दोन पडद्यांच्या मध्ये कांतारां. मडगावच्या रवींद्र भवनात मी पहिलं तियात्र पाहिलं, त्यात मुलानं आईला घराबाहेर काढलं आणि पडदा पडला. शेजारच्या बाई डोळे पुसत होत्या. तेवढ्यात सुटातला गायक पडद्यापुढे आला, ट्रंपेट वाजला आणि त्यानं गावच्या शेतजमिनी कशा विकल्या जाताहेत यावर गायला सुरुवात केली. त्या आईचा त्यात उल्लेखही नाही. शेवटच्या कडव्यात त्यानं थेट राज्यकर्त्यांना जाब विचारला, तेव्हा त्याच बाई जोरजोरात टाळ्या वाजवत होत्या. नाट्यपदांवर वाढलेल्या मला तेव्हा तो रसभंग वाटला होता. आता मी कांतारांसाठीच जातो. गावात जे दबक्या आवाजात बोललं जातं, ते तिथे माइकवर ऐकायला मिळतं.

गंमत म्हणजे गोव्यानं जिवापाड जपलेले हे दोन्ही प्रकार जन्मले गोव्याबाहेर. किर्लोस्करांचं 'शाकुंतल' १८८० साली पुण्यात रंगभूमीवर आलं. पहिलं तियात्र 'इटालियन भुरगो' १७ एप्रिल १८९२ रोजी मुंबईत झालं. ते करणारे लुकासिन्यो रिबेरो मुंबईत आलेल्या इटालियन ऑपेरा मंडळीबरोबर काम केलेले. 'तियात्र' हा शब्द पोर्तुगीज 'तेआत्रो'वरून आला.

पुढे रेकॉर्ड, रेडिओ, कॅसेट आली आणि दोन्हींची गाणी रंगमंचाबाहेर पडली. पद मैफलीत गेलं. तिथे राग उरला, प्रसंग मागे पडला. मंगेशीच्या मास्टर दीनानाथांची पदं आवडीनं ऐकणाऱ्या कितीजणांना ती कुठल्या प्रसंगातली हे सांगता येईल? कांताराला सोडून यायला प्रसंगच नव्हता. ते आधीपासून सुटं, म्हणून आज यूट्यूबवरही सहज चालतं. पण जुनं मात्र लवकर होतं. निवडणूक झाली की तिच्यावरचं कांतार संपलं, नवं लिहावं लागतं.

दक्षिण गोव्यातल्या सासष्टीत कार्निव्हालच्या दिवसांत अंगणांतून होणारा 'खेळ' हा पारंपरिक नाट्यप्रकार मात्र यात वेगळा. त्यातली गाणी कथेतच गुंफलेली असतात. पुढे तो रंगमंचावर चढला आणि खेळ-तियात्र झाला. पाहुण्यांच्या प्रश्नाला त्यातल्या त्यात 'होय' म्हणायचं, तर ते या खेळाबद्दल.